खांद्याची रेषा

"तोंडाचं नका सांगू मॅडम, खांदा कोनीकडं हाय थे सांगा."

हे आमच्या पी.टी.च्या सरांचं वाक्य. ते म्हणताना त्यांची तर्जनी हवेत एक आडवी रेघ ओढायची, समोरच्या माणसाच्या डाव्या खांद्यापासून उजव्या खांद्यापर्यंत. शिंप्याने माप घ्यावं तशी. नव्या माणसाला वाटायचं, सर आपल्याला शर्ट शिवून देणार आहेत. जुनी माणसं मात्र सावरून उभी राहायची, कारण सरांनी रेघ ओढली की तुम्ही कुठे निघालात हे लपून राहत नसे.

त्यांचं म्हणणं साधं होतं. माणसाचं तोंड कुठेही फिरतं. जायचं एकीकडे आणि बघायचं दुसरीकडे, हे तोंडाला जन्मतः येतं. खांदे तसं करू शकत नाहीत. खांदे जिकडे, माणूस तिकडे.

अकोल्यात आमच्या शाळेच्या व्हरांड्यात उभं राहून ते हा खेळ करत. मुख्याध्यापकांनी शिपायाला बँकेत पिटाळलेलं असायचं. शिपाई हातातली पिशवी दाखवत, बँकेच्या दिशेने पाहत फाटकातून निघायचा. सर रेघ ओढून सांगायचे, "चहाले चालला." आणि फाटकाबाहेर पाऊल पडताच शिपाई टपरीकडे वळायचा. एकदा सभेत मुख्याध्यापक आमच्या मागण्या फार प्रेमाने ऐकत होते. मान डोलावत होते, हसत होते. सर माझ्याकडे झुकून पुटपुटले, "खांदा दाराकडं हाय. काई देत नाई हा बाप्पा." नाहीच दिलं काही.

तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील. एकच गोष्ट त्यांना नीट समजलेली असते आणि मग जगातल्या सगळ्या कुलपांना ते तीच किल्ली लावून बघतात. आपण त्यांना हसतो. मीही पुष्कळ हसले.

सरांना ही किल्ली खो-खोत सापडली होती. तरुणपणी ते अमरावतीला शिकले, तिथल्या मैदानांवर खेळले, मग पंच झाले. ज्यांनी खो-खो फक्त शाळेच्या भिंतीवरून पाहिला असेल त्यांच्यासाठी एवढंच सांगते: पाठलाग करणारी मुलगी एकदा एका खांबाच्या दिशेने निघाली की तिला मध्येच उलटं फिरता येत नाही. खांब गाठायचा किंवा बसलेल्या मैत्रिणीला खो द्यायचा, एवढीच मुभा. उलटी फिरली तर फाउल, आणि त्या फाउलात कोणाला शिवलं असेल तर ती बाद धरत नाहीत. फिरली की नाही हे कशावरून ठरवायचं? खांद्यांवरून. मान किती का वळेना, खांदे वळले नाहीत तर दिशा बदललेली नाही.

माझा आणि सरांचा संबंध आला तो निर्देशक भूमितीमुळे. मी नववीला गणित शिकवते. X-अक्ष आडवा, Y-अक्ष उभा, मध्ये आरंभबिंदू, एवढं फळ्यावर काढेपर्यंत वर्ग शहाण्यासारखा बसायचा. बिंदू हलवायला लागले की गोंधळ सुरू. तीन घरं उजवीकडे जा, मग दोन घरं खाली, म्हटलं की निम्मी पोरं वर जायची आणि उरलेली खिडकीबाहेर. एका दुपारी मी स्टाफरूममध्ये कपाळाला हात लावून बसले होते. सरांनी विचारलं, "काहून मॅडम, काय झालं?" मी सांगितलं. ते म्हणाले, "थे तं माह्यं मैदान हाय. आना पोट्ट्यांले खाली."

खरंच होतं ते. खो-खोची मधली पाटी म्हणजे आमचा X-अक्ष. तिच्यावर आठ जणी बसतात, मधोमध फुली मारली की चार इकडे, चार तिकडे. सरांनी फक्कीने मधून एक उभी रेघ ओढली, आडव्या पाट्यांना आकडे दिले आणि एका पोराला फुलीवर उभं केलं. "आता मॅडम सांगतीन तसा चाल. पन चालण्याआधी खांदा कोनीकडं हाय थे वरडून सांग." पोरं ओरडून सांगू लागली. उजवीकडे वळ म्हटलं तर नेमकं कोणाच्या उजवीकडे, हा प्रश्न माझ्या वर्गाला पहिल्यांदा पडला, आणि तो पडल्यावर निम्मं गणित आपोआप सुटलं.

निम्मंच. उरलेल्या निम्म्याचा सरांनी पार विचका केला. चरणांना, म्हणजे अक्षांनी पाडलेल्या चार भागांना, क्रमांक द्यायची वेळ आली तेव्हा मी फाटकाशी कोणा पालकाशी बोलत होते. परत येईपर्यंत सरांनी पहिला, दुसरा, तिसरा, चौथा असे घड्याळाच्या दिशेने क्रमांक घालून मोकळे. मी म्हटलं, "सर, उलटे असतात."

"उलटे काहून? घड्याळ असंच फिरते ना?"

"गणितात असं नाही फिरत."

"मंग गनितालेच घड्याळ नाई समजत," असं म्हणून ते पोरांकडे पाहून हसले, आणि चाळीस पोरं माझ्या विषयाला हसली. मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी येऊन पाहते तर मैदानावरचे आकडे पुसून नीट क्रमाने लिहिलेले. सर म्हणाले काहीच नाहीत, माझ्या टेबलावर दोन संत्री ठेवून गेले. चूक कळली की दुरुस्त करून टाकायची, त्यावर भाषण करायचं नाही, अशी त्यांची रीत होती. म्हणून पुढे जे झालं ते त्यांना फार जड गेलं.

आता एक गोष्ट सांगायला हवी, तिच्याशिवाय पुढचं कळणार नाही. सर बौद्ध. बाळापूर तालुक्यातल्या एका गावचे. त्यांच्या आडनावावरून ते कळतं. आमच्याकडे आडनाव वाचलं की लोक पुढचं सगळं स्वतःच वाचून घेतात. आम्ही शिकलेली माणसं, स्टाफरूममध्ये असलं काही मोठ्याने बोलत नाही. हळू बोलतो. हे लिहिताना मला लाज वाटते, पण खोटं लिहायची त्याहून जास्त वाटेल.

पंच म्हणून सर त्यामुळे दुप्पट कडक होते. सामन्याच्या दिवशी कोणत्याही संघाचा चहा घेत नसत. एकदा त्यांच्या तालुक्यातला संघ जिंकला आणि मागून कोणीतरी म्हणालं, पंच कोणाचा होता ते पाहा. तेव्हापासून तर गावाकडच्या मुली आल्या की सर त्यांच्याशी बोलतही नसत. गावातल्या आपल्या वस्तीतही त्यांचं येणं-जाणं कमी झालं. खेळणाऱ्या मुलींच्या घरी तर अजिबात नाही. मी एकदा म्हटलं, "सर, एवढं कशाला?" ते म्हणाले, "मॅडम, तुमाले नाई समजनार. तुमच्या चुकीले लोक चूक म्हनतात."

त्या वर्षी जिल्ह्याचे सामने आमच्याच मैदानावर झाले. सतरा वर्षांखालच्या मुलींचा अंतिम सामना. एका बाजूला शहरातली शाळा, पायांत बूट, पाठीवर नंबर. दुसऱ्या बाजूला सरांच्या गावची शाळा, निम्म्या मुली अनवाणी. जिंकणाऱ्यांनी विभागीय सामन्यांना अमरावतीला जायचं होतं. गावच्या संघात एक उंच, काटकुळी, अनवाणी खेळणारी मुलगी होती, दहावीतली. तिचं घर सरांच्या जुन्या घरापासून दोन गल्ल्यांवर. तिच्यासाठी ही शेवटची संधी, पुढच्या वर्षी ती या वयोगटात बसणार नव्हती. खेळातून पुढे काही करीन असं तिच्या मनात होतं, आणि तिच्यासारख्या मुलीला ते करायचं तर अमरावतीला कोणाच्या तरी नजरेत भरणं गरजेचं होतं.

सामन्याआधी मंडपात चहा चालला होता. शहरातल्या शाळेचे प्रशिक्षक हातातला कप हलवत म्हणाले, "आज आपलं काई खरं नाई. पंच घरचाच हाये त्यायचा." दोन-चार जण हसले. सर चार पावलांवर उभे होते, त्यांनी ऐकलं. त्यांनी चष्मा काढून शर्टाच्या टोकाने पुसला, परत घातला आणि मैदानात गेले. त्या हसण्याला अडवणारं आमच्यापैकी कोणी निघालं नाही.

सामना असा झाला की पाहणारे बसायचे विसरले. शेवटच्या डावात गावच्या मुली पाठलागावर होत्या. शहरवाल्यांची एकच पळणारी मैदानात उरलेली, वेळ संपत आलेली. ती बाद झाली की गावचा संघ एका गुणाने पुढे, नाही झाली तर गुण बरोबरीत, आणि स्पर्धेच्या नियमाने पहिल्या डावात पुढे असलेले शहरवाले जिंकले. त्या उंच मुलीला खो मिळाला. ती उठली ती थेट खांबाच्या दिशेने निघाली. पळणारीने तिला हुलकावणी दिली आणि तिच्या बाजूने मागे निसटली. उंच मुलीने धावता धावता मान मागे वळवली, हात मागे टाकला आणि बोटांनी तिच्या पाठीला शिवली. गावच्या मुलींनी आरोळी ठोकली.

त्या आरोळीत सरांची शिट्टी वाजली. फाउल. दिशा बदलली. पळणारी बाद नाही.

पुढच्या काही क्षणांत वेळ संपली. शहरातले प्रशिक्षक धावत येऊन सरांचा हात हलवत होते. "मानलं सर, मानलं तुमाले!" सर त्यांच्याकडे पाहत होते, पण त्यांना ते दिसत होते असं मला वाटलं नाही.

बक्षीस समारंभ मंचावर सुरू झाला तेव्हा मैदान रिकामं होतं. सकाळी पाणी मारलेली माती अजून ओलसर होती. सर खांबाजवळ एकटेच वाकून उभे होते. मला पाहताच त्यांनी हात केला. "मॅडम, इकडे या. बाजूनं या, पाय नका ठेवू."

ओल्या मातीत अनवाणी पावलांचे ठसे होते. सगळ्यांत लांब आणि बाकीच्या ठशांच्या वर उमटलेले, म्हणून ते त्या उंच मुलीचे हे ओळखू येत होते. सर म्हणाले, "तुमच्या आकड्यात सांगा. ही कुठून उठली, कुठं गेली."

मी पाहिलं. ती उजवीकडच्या तिसऱ्या जागेवरून उठली होती. पाटीपासून थोडी वर सरकली, मग चौथी जागा, मग तिच्याही पुढे, खांबाच्या रेषेपर्यंत. प्रत्येक पावलाची बोटं खांबाकडे. जिथे तिने मागे हात टाकला असेल त्या जागीसुद्धा. त्यानंतरही दोन पावलं पुढेच पडलेली.

"खांदा फिरला असता तं टाच फिरली असती," सर म्हणाले. "माती खरवडली असती. खरवडली हाय का?"

"नाही."

"वळली का ती?"

सर उकिडवे बसले आणि त्यांनी एका ठशाच्या कडेला बोट टेकवलं. "मी तिच्या तोंडाकडं पायलं, मॅडम. जिंदगीभर पोट्ट्यांले सांगतलं तोंडाकडं पाहू नका, अन् मीच तोंडाकडं पायलं." मग स्वतःलाच दुरुस्त करत ते म्हणाले, "पायलं नाई. शिट्टी आधीच तोंडात धरून बसलो होतो. ती काई तरी करन म्हनून वाटच पाहून राहिलो होतो."

ते उठून मंचाकडे गेले. सामनाधिकारी निघायच्या तयारीत होते. सरांनी त्यांना सगळं सांगितलं. ते सद्गृहस्थ सरांच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "सर, निकाल लागला, ढाल गेली. आता मातीतले पाय पाहून निकाल बदलतात का? उलट लोक तुमची तारीफ करून राहिले. चांगल्याचं वाईट नका करू." गावच्या मुलींचा टेम्पो तोवर निघून गेला होता.

पुढचे काही दिवस सर शाळेत आले, तास घेतले, पण त्यांनी कोणाच्या खांद्यावर रेघ ओढली नाही. शनिवारी ते माझ्या टेबलाशी आले. "उद्या गावाले जातो. तिले सांगा लागन. तुमी येता का? एकट्यानं गेलो तं मी बोलनार नाई, चहा पिऊन वापस येईन."

आम्ही बसने बाळापूरला गेलो, तिथून ऑटोने गावात. कापूस वेचणीचे दिवस होते, गाव रिकामं होतं. ज्या घरी सर इतक्या वर्षांत गेले नव्हते तिथे आम्ही ओट्यावर बसून राहिलो. दुपार कलल्यावर माणसं शेतातून परतली. मुलीच्या कमरेला वेचणीची ओटी अजून बांधलेली होती, केसांत कापसाचे धागे. सरांना पाहून ती दारातच थबकली. वडील आत गेले, हातपाय धुऊन बाहेर आले आणि भिंतीला टेकून बसले.

सरांनी पाणीसुद्धा घेतलं नाही. म्हणाले, "बेटा, त्या दिवशी तू वळली नव्हती. माह्यी शिट्टी चुकली. थो गडी बाद होता. तुमी जिंकल्या होत्या."

मुलगी ओटीची गाठ सोडत होती. तिचे हात तसेच राहिले. मला वाटलं ती रडेल, चिडेल. ती नुसती गोंधळल्यासारखी दिसली.

"मले वाटलं होतं का मी वळली नाई," ती म्हणाली. "खांब्यापर्यंत गेली होती मी. पन शिट्टी तुमची होती ना सर. मंग मले वाटलं, आपल्यालेच समजलं नसन. वळलाच असन खांदा." मग जरा थांबून ती म्हणाली, "टेम्पोत साऱ्या पोरी माह्यावर चिडल्या होत्या. मी त्यायची माफी मांगतली."

सरांचं तोंड मी त्या क्षणी पाहिलं आणि नजर काढून घेतली. काही गोष्टी दुसऱ्याने पाहू नयेत. स्वतःच्या पायांवर, स्वतःच्या अंगावर तिचा विश्वास होता, आणि सरांची शिट्टी ऐकून तिने तो खोटा ठरवला होता. न केलेल्या चुकीची माफीही मागून झाली होती. जिंकणं-हरणं त्यापुढे लहान वाटलं.

"मी तुमच्या शाळेत येतो," सर कसंबसं म्हणाले. "साऱ्यायच्या समोर सांगतो."

आम्हाला ऑटोपर्यंत सोडायला वडील आले, मुलगीही मागून आली. ऑटो भरायची वाट पाहत आम्ही उभे असताना वडिलांनी विचारलं, "भाऊ, एक विचारू? रागावनार नाई?"

"विचारा."

"दुसऱ्या कोनाची पोरगी असती तं मारली असती शिट्टी?"

सरांनी मान खाली घातली. माझ्या देखत, रस्त्यात, त्या पोरीसमोर ते म्हणाले, "नाई."

"आपली हाय म्हनून मारली."

"हो. लोकं म्हनतीन म्हनून."

वडिलांनी मान हलवली. ते रागावले नव्हते. हे त्यांना आधीच माहीत असावं, फक्त खात्री करून घ्यायची होती. "मंग शाळेत थे बी सांगा," ते म्हणाले. "नुसती चूक झाली म्हनसान तं लोकं मोठा मानूस म्हनतीन तुमाले. काहून झाली थे सांगा."

"सांगतो," सर म्हणाले.

दोन दिवसांनी आम्ही त्या शाळेच्या परिपाठाला गेलो. सारी शाळा मैदानात रांगा करून बसलेली. खो-खोच्या मुली पुढच्या रांगेत, त्यांत ती. सर उभे राहिले आणि त्यांनी अगदी स्वच्छ सांगितलं: त्या दिवशी दिशा बदललेली नव्हती, फाउल नव्हता, हा संघ जिंकला होता, चूक माझी आहे, या मुलीची नाही. मग त्यांनी श्वास घेतला. पुढचं वाक्य त्यांच्या ओठांपर्यंत आलेलं मला दिसलं.

तेवढ्यात त्या शाळेचे मुख्याध्यापक उठून टाळ्या वाजवू लागले. "याला म्हणतात मोठेपणा! मुलांनो, शिका यांच्याकडून!" सगळी शाळा टाळ्या वाजवू लागली, शिक्षक उभे राहिले. सरांनी हात वर केला, थांबा म्हणून. लोकांना वाटलं, नम्रपणा. टाळ्या वाढल्या. वर्गशिक्षकांमध्ये सगळ्या आडनावांची माणसं उभी होती, सरांची नजर त्यांच्यावरून फिरली आणि त्यांचा हात हळूहळू खाली आला. ते बसले. कोणीतरी त्यांच्या गळ्यात हार घातला.

फाटकापाशी ती मुलगी आमच्यामागून धावत आली. तिने सरांकडे पाहिलं आणि विचारलं, "सर, इतकंच?"

तिच्या आवाजात टोमणा नव्हता. सर काही विसरले असतील, अजून परत जाऊन सांगता येईल, एवढंच तिच्या मनात असावं. सरांनी गळ्यातला हार काढला. तो कुठे ठेवावा ते त्यांना सुचेना. "मी येईन परत," ते म्हणाले. ते परत गेले नाहीत.

त्यानंतर त्यांनी कधी पंचगिरी केली नाही. त्या सामन्याबद्दल लोक मात्र बोलत राहिले, आणि नेमकं वडील म्हणाले होते तसंच बोलत राहिले. निवृत्तीच्या समारंभात तीन वक्त्यांनी तो प्रसंग सांगितला. सर मान खाली घालून ऐकत होते. समोरच्या खुर्च्यांवरून कौतुकाने माना डोलत होत्या. त्या हॉलमध्ये खरं कारण जाणणारी मी एकटी होते. मला तिथून उठून जावंसं वाटलं, आणि सरांना सोडून जाववेना. शरमेने माणूस किती थकतो, ते मी त्या दिवशी पाहिलं.

आता ते अमरावतीला मुलाकडे असतात. गेल्या हिवाळ्यात बोर्डाच्या कामासाठी मी तिथे गेले, तेव्हा संध्याकाळी त्यांच्याकडे डोकावले. तब्येत बरी होती. सुनेने चहा दिला. सर म्हणाले, "चला मॅडम, पाय मोकळे करून येऊ." आम्ही चालत एका कॉलेजच्या मैदानापर्यंत गेलो. आत खो-खोचा सराव चालला होता, मुलींच्या आरोळ्या रस्त्यापर्यंत येत होत्या. सर फाटकाच्या अलीकडे थांबले.

"ती हाय आतमदे," ते म्हणाले. "व्यायामशिक्षणाले आली. दुसरं वर्ष सुरू हाय. पुतन्यानं सांगतलं."

मला फार बरं वाटलं. म्हटलं, "चला ना मग आत. भेटू."

"मी रोज येतो इथपर्यंत."

"आणि?"

"वापस जातो."

"सर, चार वर्षं झाली. ती अजून 'इतकंच?' म्हणून विचारणार आहे का?"

"विचारलं तं बरं होईल, मॅडम," सर म्हणाले. "पन ती विचारनार नाई. ती गुनाची पोरगी हाय. साऱ्या मैत्रिनींसमोर येईन, हसून मोठ्यानं जयभीम म्हनन. अन् मले बी साऱ्यायसमोर तितक्याच मोठ्यानं जवाब द्या लागन."

एवढ्यात सराव सुटला. मुली सायकली घेऊन बाहेर पडू लागल्या. त्यांत एक सगळ्यांत उंच होती, हसत काहीतरी सांगत होती. मी सरांकडे वळले. ते बाजूला नव्हते. रस्त्यापलीकडच्या संत्र्यांच्या गाडीवर ते आमच्याकडे पाठ करून वाकले होते, आणि सायकलींच्या घंट्या लांब जाईपर्यंत गाडीवाल्याला विचारत राहिले, ही वरूडचीच आहेत का, गोड निघतील का.